कंसातले शब्द

आमच्या ह्यांचं नाव मी घेत नाही. एवढी शिकलेली बाई आणि असं काय, म्हणून नागपूरची लेक मला हसते. हसू दे. शाळेच्या कागदांवर, रेशनच्या फॉर्मवर ते नाव मी शेकडो वेळा लिहिलं आहे. तोंडानं घ्यायची वेळच आली नाही. अर्जुनी मोरगावच्या बाजारात मी नुसतं "आमच्या घरी" म्हटलं की भाजीवाली स्वतःच विचारते, "ते नाटकातले का जी?" आणि मेथीच्या जुडीबरोबर चार मिरच्या जास्तीच्या टाकते. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत एकतीस वर्षं शिकवलं, पण त्या मिरच्या मला माझ्या नोकरीवर कधी मिळाल्या नाहीत.

दिवाळीनंतर हलकं धान कापून खळ्यावर आलं की आमच्याकडे गावोगाव मंडई म्हणजे जत्रा भरते आणि मंडईला नाटक लागतंच. शेतात मंडप उभा राहतो, बायका एकीकडे, पुरुष एकीकडे, सगळे जमिनीवर. ह्या नाटकांत नायक-नायिका पुस्तकातली मराठी बोलतात. रडायचं झालं तर तेही पुस्तकातल्या मराठीत. आपल्या गावची, झाडीपट्टीची बोली बोलतो तो फक्त विनोदी माणूस. आमचे हे तो विनोदी माणूस. तीस-बत्तीस वर्षं त्यांनी दुसरं काही केलं नाही, म्हणजे सहा महिने शेती आणि सहा महिने हे.

ह्यांची शाळा पहिलीतच सुटली होती. बैल राखायला कुणी नव्हतं, एवढंच कारण. लग्नात माझ्या माहेरच्यांना सांगितलं होतं चौथी पास. मी शाळेत शिकवणारी, त्यामुळे सासरी आल्यावर पंधरा दिवसांतच माझ्या लक्षात आलं की हा माणूस एसटीची पाटी वाचत नाही, ड्रायव्हरचा चेहरा ओळखून गाडीत बसतो. मी ते कुणाला सांगितलं नाही. उलट ठरवलं की ह्यांना आपणच शिकवायचं. पाटी आणली, संध्याकाळी सपरीत, म्हणजे आमच्या पुढच्या पडवीत, समोर बसवलं. आठवडा बरा गेला. मग "ठ" आणि "ढ" यांत गाडी अडली. तिसऱ्यांदा चूक झाली आणि वर्गात माझा हात चालायचा तसा चालला. लाकडी पट्टी ह्यांच्या बोटांवर बसली.

त्यांनी पाटी भिंतीला लावून ठेवली आणि बैलांना पाणी दाखवायला गेले. त्यानंतर त्यांनी पाटी हातात धरली नाही आणि मीही धरा म्हटलं नाही. मी माफी मागायला हवी होती. तेव्हा मी तेवीस वर्षांची होते आणि बाईंनी माफी मागायची असते हे मला कुणी शिकवलं नव्हतं.

नाटकात ते शिरले ते दुसऱ्याच्या तापामुळे. एका मंडळाचा हवालदार आजारी पडला. ह्यांचा आवाज गावच्या दंडारीत लोकांनी ऐकलेला होता. दंडार म्हणजे आमच्याकडचा दिवाळीतला नाच-गाण्याचा खेळ. मंडळाच्या मॅनेजरनं ह्यांना नक्कल दिली. नटाच्या वाट्याची वाक्यं वेगळी उतरवून काढलेली असतात, त्या कागदांना नक्कल म्हणतात. दोन पानांची नक्कल होती. ती आणून त्यांनी माझ्या मांडीवर टाकली आणि म्हणाले, "वाच."

पट्टीच्या प्रसंगाला तेव्हा दोन वर्षं झाली होती. मला इतकं बरं वाटलं की मी हातातले तांदूळ निवडायचे सोडून लगेच वाचायला लागले. ते अंबाडीची दोरी वळत बसले होते. हात दोरीवर, कान माझ्याकडे. तीन वेळा वाचलं आणि त्यांनी सगळं मला म्हणून दाखवलं, एक अक्षर इकडचं तिकडे नाही. असं पाठांतर मी माझ्या वर्गातल्या पोरांमध्येसुद्धा पाहिलं नव्हतं. मी नुसती खूश.

आता माझी चूक सांगते. तोवर मी नाटकाचं पुस्तक कधी हातात धरलं नव्हतं. शाळेत वरून आलेलं परिपत्रक वाचतात तसं मी ते वाचलं होतं, एका सुरात, पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत. कंस आला तर कंसातलंही. ऐकताना कानाला कंस कुठून दिसणार? आणि मी म्हणून दाखवा म्हटलं तेव्हा त्यांनी तेही म्हटलं, आणि माझ्या ते ध्यानातच आलं नाही, कारण कागदावर होतं ते सगळं बरोबर आलं होतं.

मंडपात मी बायकांच्या बाजूला तिसऱ्या रांगेत होते. हे खाकी घालून आत आले, इन्स्पेक्टरसमोर ताठ उभे राहिले आणि खणखणीत आवाजात म्हणाले, "टोपी काढून, सायेब, गावात चोर शिरला. घाम पुसून, मी सोता पाह्यलो. घाबरून, इकडेतिकडे पाहतो."

टोपी डोक्यावर तशीच. हात बाजूला सरळ. घाम नाही, घाबरणं नाही.

पहिल्या वाक्यालाच मला कळलं. तो माझा सूर होता, परिपत्रकाचा. धरणीनं पोटात घेतलं तर बरं, असं मला झालं. आणि मंडप फुटला. माझ्या शेजारची म्हातारी पदर तोंडात कोंबून डोलत होती. इन्स्पेक्टर झालेला नट प्रेक्षकांकडे पाठ करून उभा राहिला, त्याचे खांदे हलताना सगळ्यांना दिसत होते. ह्यांना काही समजेना. हसू थांबेपर्यंत ते तसेच ताठ थांबले, आणि थांबले म्हणून लोक आणखी हसले. जाताना म्हणाले, "सलाम ठोकून उजवीकडून जातो," आणि डावीकडून गेले.

दिग्दर्शक आत शिव्या देत होता म्हणे. पण मॅनेजर धंद्याचा माणूस. दुसऱ्या दिवशी सकाळी तो आमच्या घरी आला, चहा घेतला आणि सांगून गेला की हवालदार असाच ठेवायचा, एक शब्द बदलायचा नाही.

तो गेल्यावर ह्यांनी मला विचारलं, "लोकं काऊन हासले?"

मी कंस म्हणजे काय ते समजावून सांगितलं. कंसातलं बोलायचं नसतं, करायचं असतं.

"मंग तू वाचली कायले?"

मी मॅनेजरचा कप उचलून धुवायला गेले.

त्या एका चुकीवर ह्यांचं सगळं आयुष्य उभं राहिलं. लेखक ह्यांच्यासाठी मुद्दाम कंस लिहायला लागले. हे कधी कंपाउंडर, कधी सरपंचाचे चुलते, कधी लग्न न जमणारा उपवर म्हातारा. पण माणूस तोच, जो आपण काय करतो आहोत ते बोलून दाखवतो आणि करत मात्र नाही. "डोळ्यांत पाणी आणून, माही भाकर कोनं खाल्ली?" ह्या वाक्याला तर भंडाऱ्यापासून चंद्रपुरापर्यंत लोक हसले. गावात कुणी भेटलं की "हात जोडून, रामराम!" माझ्या वर्गातली पोरंसुद्धा बिलंदर. "बाई, करंगळी वर करून, मी जाऊ का?" मी छडी उगारली की म्हणायची, "बाई रागावून." अशा वर्गाला शिकवायचं होतं मला! दिवसा मी फळ्यावर "पानी" खोडून "पाणी" लिहायची आणि संध्याकाळी घरी "पानी"च वाचून दाखवायची.

हंगाम आला की आमचं ठरलेलं असायचं. शाळेतून आले, हातपाय धुतले, चहा घेतला की मी नक्कल घेऊन बसायची आणि ते दोरी घेऊन. कंपनीत ह्यांची ख्याती होती एकपाठी म्हणून. समोर बसून वाक्यं पुरवणारा प्रॉम्प्टर बाकी सगळ्यांना लागायचा, ह्यांना नाही. ह्यांच्यासाठी ते नाटक आधीच पुरवून झालेलं असायचं.

आणि बिंग फुटू नये म्हणून काय काय केलं मी! गोंदियाच्या बाजारातून ह्यांच्यासाठी चष्मा आणला, साध्या काचेचा. कुणी कागद पुढे केला की तो चष्मा लावायचा, कागद लांब धरायचा, "हं, बेस आहे," म्हणायचं आणि घडी करून खिशात टाकायचा. करारावर सही करायची ती मी शिकवलेली, चित्र काढावं तशी. कधी चष्मा घरी राहायचा, कधी डोळे दुखायचे, कधी उजेड कमी पडायचा. लोकांना काही वाटायचं नाही, मोठ्या नटाचे नखरे म्हणायचे. दोन-तीनदा मी मुख्याध्यापकांशी खोटं बोलून अर्धी रजा काढली, कारण तालमीत नवा प्रवेश घातला होता आणि तो त्याच दिवशी वाचून हवा होता.

खरं सांगू का, मला ते आवडायचं. टाळ्या त्यांना मिळायच्या, पण त्यातला प्रत्येक शब्द आधी माझ्या तोंडून गेलेला असायचा. मंडपात बसले की मला वाटायचं, ह्या सगळ्या बायांना माहीत नाही, पण नाटक अर्धं माझं आहे. हे मी कुणाला बोलले नाही. लेकीलासुद्धा नाही. तेवढी एकच गोष्ट होती जी फक्त आमच्या दोघांची होती, आणि ती जपणं हे मी माझं काम समजत होते.

गेल्या वर्षी सिनेमावाले आले. नागझिऱ्याच्या जंगलाच्या कडेला त्यांचं शूटिंग होतं. दिग्दर्शक तिकडचा, मुंबई-पुण्याकडचा. आधीच्या हिवाळ्यात कुणीतरी त्याला मंडईत नाटक दाखवायला नेलं होतं आणि तिथं त्यानं ह्यांना पाहिलं. जंगलातल्या विश्रामगृहाचा खानसामा, असा छोटा भाग होता. पाहुण्यांना जेवण वाढता वाढता अस्वलाची गोष्ट सांगायची. बासष्टाव्या वर्षी ह्यांना सिनेमा मिळाला. ह्यांनी मिशी काळी केली. मी म्हटलं खानसाम्याची मिशी पांढरी असली तरी चालते. ऐकलं नाही.

कागद आठ दिवस आधी आले होते. मी वाचले, ह्यांनी पाठ केले. पण कंपनीतल्या एका नटानं, जो असा एकदा सिनेमात जाऊन आला होता, मला सांगून घाबरवलं. म्हणाला, "वयनी, तठी रोज सकाळी डायलॉग बदलतेत. उभ्या उभ्या कागद देतेत अना लगेच बोला मन्तेत."  एवढी वर्षं झाकलं ते आता मुंबईवाल्यांसमोर, कॅमेऱ्यासमोर उघडं पडणार. गावात पडलं असतं तर आम्ही निभावून नेलं असतं. पण सिनेमावाले हसतील ते वेगळं हसतील, ह्यांच्या नाटकाला नाही, ह्यांना.

म्हणून मी बरोबर गेले. ह्यांना बीपीची गोळी वेळेवर द्यावी लागते, असं सांगितलं. ह्यांना बीपी नाही, मला आहे.

सकाळी सातला आम्ही तिथं होतो. सिनेमात इतकं बसून राहावं लागतं हे मला ठाऊक नव्हतं. ढग आला की सगळे थांबतात, ढग गेला की सगळे धावतात. मी डबा मांडीवर घेऊन झाडाखाली बसले, नजर ह्यांच्यावर. कागद आला की मी पुढे होणार, "आधी गोळी घ्या" म्हणून ह्यांना गाडीमागं नेणार आणि वाचून दाखवणार. असा बेत होता. अकरापर्यंत कागद आला नाही. माझा जीव भांड्यात पडला. मी डबा धुवायला हातपंपावर गेले, आणि नेमका तेव्हाच आला.

परत येताना लांबूनच मला दिसलं. दिग्दर्शकाच्या हाताखालची मुलगी ह्यांच्यासमोर उभी होती आणि ह्यांच्या हातात कागद होता. मी जवळजवळ पळतच निघाले. ओले हात तसेच, तोंडात गोळीचं वाक्य तयार. आणि दहा पावलांवर थबकले.

ह्यांनी चष्मा काढून खिशात ठेवला होता. कागद लांब धरलेला नव्हता, डोळ्यांजवळ होता. उजव्या हाताचं बोट ओळीखालून सरकत होतं, थांबत होतं, पुन्हा सरकत होतं. ओठ हलत होते. मी एकतीस वर्षं पोरांना वाचायला शिकवलं आहे. वाचायचं सोंग घेणारं पोर कोणतं आणि खरं वाचणारं कोणतं, हे मला डोळे मिटूनही कळतं. हे वाचत होते. पान संपवून त्यांनी त्या मुलीला विचारलं, "हा 'आविर्भाव' मन्जे काय जी?"

मी मागे फिरले आणि झाडाखाली जाऊन बसले.

शूटिंग चांगलं झालं असं सगळे म्हणाले. मला त्यातलं फारसं आठवत नाही. एवढं आठवतं की ह्यांनी पहिलं वाक्य टाकलं, "पान वाढून, सायेब, अस्वल दारातच होता," आणि कुणी हसलं नाही. आवाज मुद्रित होत असतो म्हणून सगळ्यांनी तोंडावर हात दाबले होते. हे नेहमीप्रमाणे हशासाठी थांबले. हशा आला नाही. मी त्यांच्या चेहऱ्यावर जी भीती पाहिली ती मंडपात कधी पाहिली नव्हती. त्यांची नजर माणसांवरून फिरत फिरत माझ्या झाडाकडे आली. मी दुसरीकडे पाहिलं. सिनेमा नंतर मोबाइलवर सगळ्या गावानं पाहिला. त्यात हे चहाचा कप संपेल एवढा वेळ दिसतात. ते थांबणं कापून टाकलं आहे.

परतीला कोहमाऱ्याहून एसटी मिळाली. मी खिडकीशी, ते शेजारी. नवेगाव मागे पडलं. मग म्हटलं, "कवापासून वाचता येते तुमाले?"

त्यांना बहुतेक माहीत होतं की मी पाहिलं. "पोट्टी दुसरीत होती तवापासून."

लेक दुसरीत असताना मी शाळेतून यायच्या आधी ती शाळा-शाळा खेळायची. ती बाई, बाप विद्यार्थी. मी कितीदा येऊन पाहिलं होतं ते. कौतुकानं पाहिलं होतं. दोन पावसाळे तो खेळ चालला. म्हणजे पंचवीसहून जास्त वर्षं ह्यांना वाचता येत होतं आणि मी चष्मे आणत होते, रजा काढत होते, घसा बसलेला असताना, अंगात ताप असताना वाचत होते. मला इतका राग आला की डोळ्यांत पाणी आलं. पुढच्या सीटवरचा माणूस वळून पाहायला लागला तरी मला पर्वा नव्हती.

"मले सांगितलं काऊन नाही जी? येडी समजून रायले होते का मले?"

"सांगितलं असतं तं तू वाचनं बंद केली असतीस."

"मंग? सोताच वाचाचं होतं नं!"

"वाचलो नं एक डाव," ते म्हणाले. "पोट्टीच्या पहिल्या बाळंतपनाले तू नागपूरले होतीस त्या साली. कोनाले काई सांगितलो नाही. सारी नक्कल सोता वाचलो, सोता पाठ केलो. एक चूक नाही. अना तीन गावात एक मानूस हासला नाही."

मला तो हंगाम आठवला. मी परत आले तेव्हा हे घरीच होते, घसा बसला आहे म्हणाले होते. मी काढाही करून दिला होता.

"हासले नाही ते माह्या वाचन्यानं कसं हासतीन?" मी म्हटलं. "मी तं साधं वाचतो. मले सोताले हासू येत नाही कदी."

"येते तुले. तू दाबतेस. जेथं दाबतेस, तठी आवाज बदलते तुया. बारीक बदलते. मी तेच आयकतो. तठीच थांबतो, अना लोकं तठीच हासतेत." मग म्हणाले, "कागदावर ते लिवलं नाही रायत."

गाडी अर्जुनीच्या स्टँडमध्ये शिरली. आम्ही उतरलो. घरापर्यंत मी पुढे, ते मागे. काय वाटत होतं ते मला नीट सांगता येणार नाही. राग गेला नव्हता. पण मी जे माझं समजत होते, ती अक्षरं, त्यांची ह्यांना गरज नव्हतीच. आणि ज्याची गरज होती ते मी देते आहे हे मलाच माहीत नव्हतं.

चार दिवसांनी त्या हंगामाची नक्कल आली. मी हातपाय धुऊन, चहा घेऊन बसले. वाचायला लागले आणि दुसऱ्याच ओळीला अडखळले. आता मला माझाच आवाज ऐकू येत होता. इथं दाबला का, इथं नाही दाबला का, हेच चालू. एक वाक्य मला बरं वाटलं तर तिथं मी आवाज जरा खाली घेतला, मुद्दाम. ह्यांचा दोरी वळणारा हात थांबला.

"आता तू नाटक करून रायलीस," ते म्हणाले.

मी पुन्हा वाचलं, सपाट. मग जोरात. मग शाळेतल्यासारखं. काही केल्या जमेना. पंधरा दिवसांवर पहिला प्रयोग होता आणि मी एवढी घाबरले होते, जेवढी त्या जंगलातसुद्धा नव्हते. ह्यांनी एवढी वर्षं का सांगितलं नाही ते आता कळलं. सांगितल्यावर माझं ते नकळत हसू दाबणं राहणारच नव्हतं. माझ्या हातून पान खाली पडलं. "मले नाही येत जी आता," मी म्हटलं, आणि मला रडू आलं.

ते उठले. दोरी खुंटीला अडकवली, कोनाड्यातली पेन्सिल कानावर खोचली, पान उचललं आणि माझ्या समोर, अगदी समोर, मांडी घालून बसले. मग माझ्यासमोर पहिल्यांदाच त्यांनी वाचायला सुरुवात केली. बोट ओळीखाली धरून, दुसरीतल्या पोरासारखं, जोडाक्षराला थांबत. एक वाक्य वाचायचे आणि मान वर करून माझ्या तोंडाकडे पाहायचे. पुन्हा एक वाक्य, पुन्हा पाहायचे. अर्धं पान झालं. उपवर म्हातारा मुलीच्या बापाला आपलं वय सांगतो ती जागा आली, आणि रडता रडता मला हसू फुटलं. दाबायचं राहूनच गेलं. मी तोंडाला पदर लावून खो-खो हसत होते.

ते हसले नाहीत. त्यांनी कानावरची पेन्सिल काढली आणि जिथं मला हसू फुटलं त्या शब्दाखाली रेघ मारली.